धान्याची होडी, पाहुण्यांची खोली

नांदेडच्या गोदावरीत मालवाहू होड्या आहेत. बंदर खात्याच्या दप्तरात त्यांची नोंद शोधायला जाऊ नये. ती महसूल खात्याच्या पंचनाम्यांत सापडते. पात्रात मजूर बुड्या मारून वाळू काढतात आणि तराफ्यावर रचतात, नाहीतर इंजिन बसवलेली लोखंडी बोट पाइपाने तळ उपसते. मग कधीतरी तहसीलचे पथक येते. तराफे जाळले जातात, बोट जिलेटिन लावून उडवली जाते. इंजिने किती, तराफे किती, अंदाजे किंमत किती, याचा कागद होतो आणि दुसऱ्या दिवशी पेपरात फोटोसकट बातमी येते. काही आठवडे गेले की त्याच काठावर नवी बोट उभी. मराठवाड्यातल्या नदीवरची मालवाहतूक म्हणायची तर एवढीच.

याच पात्राकडे बघून पावसाळा सरताना दुसरे एक स्वप्न रंगते. विष्णुपुरीचा शंकर सागर तुडुंब भरतो, दरवाजे उघडल्याचे व्हिडिओ फिरतात आणि कुणीतरी विचारतो, इथे केरळसारख्या हाऊसबोटी का असू नयेत? लातूरकडे धनेगावचे मांजरा धरण भरले की तिकडेही तेच. प्रश्नात वावगे काही नाही. नांदेडला सचखंड हुजूर साहिबच्या दर्शनासाठी देशोदेशीचे भाविक येतात, घाट बांधलेले आहेत, आणि संध्याकाळी नदीवर काय करायचे याचे उत्तर शहराकडे नाही. फक्त हाऊसबोट ही दुकानातून उचलून आणायची वस्तू नव्हे. तिला एक पूर्वायुष्य असते, आणि ते वाचल्याशिवाय निविदा काढली तर पदरी गंजलेला सांगाडा पडतो.

केरळात आलप्पुळाच्या बॅकवॉटरमध्ये आज दिसणारी वेताच्या छपराची होडी मुळात धान्याची होती. केट्टुवळ्ळम तिचे नाव. समुद्रसपाटीहून खाली असलेल्या कुट्टनाडच्या शेतांतला भात ती कोचीच्या बाजारात न्यायची आणि परतताना किराणा, मीठ, लागेल ते आणायची. साठ ते शंभर फूट लांबी, पोटात तीस टनांपर्यंत माल. हिच्या बांधणीत खिळा नाही. अंजिली नावाच्या, फणसाच्या कुळातल्या झाडाच्या फळ्या कडेला भोके पाडून काथ्याच्या दोरीने एकमेकींना शिवायच्या, सांध्यांत नारळाचा काथ्या ठासायचा आणि वरून काजूच्या टरफलापासून उकळून काढलेला काळा लेप द्यायचा. नीट देखभाल केली तर अशी होडी पिढ्यान् पिढ्या चालते. दोन-तीन माणसे लांब वाशांनी तळाला रेटा देत ती ढकलत नेत. प्रवास दिवसेंदिवस चाले, म्हणून होडीच्या एका टोकाला नावाड्यांसाठी छोटी झापाची खोपी असायची. त्यांचा स्वयंपाक तिथेच, झोपही तिथेच. पुढे पाहुण्यांसाठी जी खोली झाली तिचे बीज या खोपीत होते.

मग रस्ते झाले, पूल झाले, ट्रक आले. जो माल होडीला पोचवायला दोन-तीन दिवस लागत तो ट्रकने काही तासांत जाऊ लागला. १९८०च्या दशकापर्यंत या होड्यांचा धंदा बसला. कित्येक काठाला लागून कुजल्या, काहींच्या फळ्या सुट्या करून विकल्या गेल्या. १९९०च्या दशकाच्या सुरुवातीला बाबू वर्गीस यांच्यासारख्या पर्यटन व्यावसायिकांना सुचले की भाताच्या पोत्यांच्या जागी खाट ठेवता येईल. वर बांबूचा सांगाडा आणि चटयांचे कमानदार छप्पर आले, मागे स्वयंपाकघर, एका कोपऱ्यात संडास-न्हाणी. नावाडी तेच राहिले, सुतारही तेच. ही कल्पना कुठल्या सरकारी समितीच्या अहवालातून निघाली नव्हती. धंदा मेला होता, पण होडी शिवणारे हात अजून जिवंत होते, आणि या दोन गोष्टींमध्ये अंतर फार पडले नव्हते. वीस वर्षे उशीर झाला असता तर शिवणारे उरले नसते.

यातला पुढचा भाग जाहिरातीत येत नाही. जुन्या होड्या लवकरच संपल्या. मागणी वाढली तशा नव्या बोटी थेट हॉटेल म्हणूनच बांधल्या जाऊ लागल्या; डिझेल इंजिन, वातानुकूलित खोल्या, दुसरा मजला, काहींत सभागृह. आज आलप्पुळा परिसरात हाऊसबोटींची गर्दी इतकी आहे की वेंबनाड सरोवर त्या पेलू शकते का, हा अभ्यासाचा आणि वादाचा विषय झाला आहे. हे सरोवर २००२ पासून रामसर यादीतले पाणथळ क्षेत्र आहे. त्यात इंजिनाचे तेल आणि मैलापाणी जाते ही तक्रार काठावरचे मच्छीमार वर्षानुवर्षे करत आहेत. शिवाय ज्या होडीने तांदूळ वाहिला ती आणि आजची दुमजली बोट यांचे नाते बरेचसे छपरापुरते उरले आहे.

युरोपातही मालवाहू बोटी हॉटेल झाल्या त्या याच वळणाने. फ्रान्समध्ये १८७९ च्या फ्रेसिने कायद्याने कालव्यांच्या दरवाजांचे माप एकसारखे केले, तेव्हापासून सुमारे ३८.५ मीटर लांब आणि पाच मीटर रुंद अशी बोट त्या देशाची मालगाडी बनली. कोळसा, धान्य, वाळू, दारूची पिंपे, सगळे तिच्यातून जाई. दुसऱ्या महायुद्धानंतर मोटारी आणि रेल्वेने तिचा घास घेतला. १९६६ मध्ये रिचर्ड पार्सन्स या इंग्रज पत्रकाराने अशीच एक बोट 'पॅलिन्युरस' नावाने पाहुण्यांसाठी सुरू केली. फ्रान्समधले पहिले बार्ज-हॉटेल म्हणून तिचा उल्लेख होतो आणि पुढे 'ल्युसिओल' या नावाने तीच बोट बरगंडीच्या कालव्यांत फिरत राहिली. इथेही कालवा आधीपासून होता, दरवाजे उघडणारा माणूस होता, बोट दुरुस्त करणारी गोदी होती. हॉटेलवाल्याला फक्त पडदे आणि स्वयंपाकी आणायचा होता.

उलटे उदाहरण हवे असेल तर ऑस्ट्रेलियाच्या ग्रेट बॅरियर रीफवरचे तरंगते हॉटेल बघावे. ते सिंगापूरच्या गोदीत हॉटेल म्हणूनच बांधले गेले, सात मजली, आणि मार्च १९८८ मध्ये टाउन्सव्हिलपासून बरेच आत, समुद्रात नांगरले गेले. एका वर्षात धंदा गुंडाळला. मग ते व्हिएतनामला सायगाव नदीत गेले, तिथे १९९७ पर्यंत चालले. तिसरा मुक्काम उत्तर कोरियातला, कुमगांग पर्वताजवळचा. २००८ मध्ये तिथे दक्षिण कोरियाची एक पर्यटक सैनिकाच्या गोळीने मेली, सहली बंद झाल्या आणि हॉटेल रिकामे पडून राहिले. २०२२ मध्ये ते मोडीत काढले. तीन देश फिरूनही ज्याला कुठेच आपले पाणी मिळाले नाही, असे हे हॉटेल.

महाराष्ट्राच्या नशिबी यापेक्षा महागडी स्वप्ने आली. विमानवाहू नौका 'विक्रांत' १९९७ मध्ये नौदलातून निवृत्त झाली आणि तिचे संग्रहालय करायचे ठरले. काही वर्षे ती मुंबईत लोकांना बघायला मिळालीही. शाळांच्या सहली जात. पण कायमच्या व्यवस्थेसाठी पैसा कुणी उभा केला नाही आणि २०१४ मध्ये ती भंगारात गेली. त्यातून शहाणपण आले असे वाटत असतानाच 'विराट'ची पाळी आली. मार्च २०१७ मध्ये ती निवृत्त झाली. नोव्हेंबर २०१८ मध्ये राज्य मंत्रिमंडळाने सिंधुदुर्गात निवतीजवळ ती नांगरून तिचे सागरी संग्रहालय आणि साहसी पर्यटन केंद्र करायला मंजुरी दिली. खर्चाचा आकडा होता ८५२ कोटी. मथळे मोठे आले. प्रत्यक्षात जहाज सुमारे ३८ कोटींना विकले गेले आणि सप्टेंबर २०२० मध्ये तोडणीसाठी अलंगच्या किनाऱ्यावर चढले. आता निवतीलाच 'गुलदार' या निवृत्त युद्धजहाजाचा पाण्याखाली प्रकल्प होऊ घातला आहे. ते रणगाडे आणि सैनिक किनाऱ्यावर उतरवणारे जहाज, म्हणजे एका अर्थी मालवाहूच, आणि 'विराट'पेक्षा कितीतरी लहान. ते बुडवायचेच असल्याने तरंगत ठेवायचा खर्च नाही, एवढी तरी यावेळी सुधारणा आहे.

या सगळ्यात एक गोष्ट कुणी मोठ्याने बोलत नाही. मालासाठी किंवा मासेमारीसाठी बांधलेल्या बोटीवर माणसे चढवली की तिचा तोल बदलतो. पोती जिथे रचली तिथेच पडून राहतात. माणसे सूर्यास्त बघायला सगळी एका बाजूला धावतात. ७ मे २०२३ रोजी केरळात तानूरला 'अटलांटिक' नावाची पर्यटकांची बोट उलटली. मुळात ती मासेमारीची बोट होती, रूपांतर करून तिच्यावर वरचा मजला चढवलेला होता आणि क्षमतेपेक्षा कितीतरी जास्त माणसे तिच्यात बसली होती. २२ जण बुडाले. त्यांत बहुसंख्य मुले होती. हाऊसबोटींच्या राज्यात, जिथे बोटींची समज पिढीजात आहे, तिथे हे घडले. नांदेडला अशी बोट तपासायला आलेला अधिकारी आदल्या दिवशी वाळूच्या ट्रकमागे धावत असेल.

मुंबईनेही एक तरंगता निवारा गमावला आहे. तो हौशी पर्यटकांचा नव्हता, म्हणून त्याला कुणी हॉटेल म्हटले नाही. 'पी-३०५' हा सपाट तळाचा, स्वतःचे इंजिन नसलेला बार्ज. त्यावर बॉम्बे हायच्या तेलक्षेत्रात राबणाऱ्या कामगारांच्या राहण्याच्या खोल्या होत्या. मे २०२१ मध्ये तौक्ते चक्रीवादळाचे इशारे आले तरी तो बंदरात परतला नाही. १७ मे रोजी नांगर तुटून बार्ज भरकटला आणि बुडाला. त्यावर २६१ माणसे होती. नौदलाने खवळलेल्या समुद्रातून बहुतेकांना वाचवले, तरी सत्तरहून अधिक जण गेले. लाइफराफ्ट फाटके होते, असे वाचलेल्यांनी सांगितले. त्या खोल्यांत महिनोन् महिने राहणारी माणसे देशाच्या कानाकोपऱ्यातून आलेली, कंत्राटदाराच्या हाताखालची होती. वेताचे छप्पर आणि करीमीन माशाचे जेवण यांच्यासोबत हेही तरंगत्या मुक्कामाचेच चित्र आहे, आणि ते आपल्या किनाऱ्यावरचे आहे.

आपली गोदावरीही बोटींना नवखी नाही, फक्त त्या आपल्या भागात नव्हत्या. एकोणिसाव्या शतकात सर आर्थर कॉटन यांनी धवळेश्वरमचे धरण बांधले आणि त्यांच्या डोक्यात पुढचे गणित सुरू झाले: गोदावरी, प्राणहिता, वर्धा अशा वाटेने वऱ्हाडचा कापूस बोटींतून समुद्राला न्यायचा. खडकांचे तीन मोठे अडथळे होते. ते ओलांडायला दुम्मागुडेमसारख्या ठिकाणी बंधारे आणि कालवे खोदायला घेतले, वर्षानुवर्षे मजूर तापाने मरत राहिले. तेवढ्यात १८६७ मध्ये रेल्वे नागपूरला पोचली. १८७१ च्या सुमारास काम सोडून दिले. सिरोंचाच्या काठी आज उभे राहिले तर त्या योजनेचा मागमूस शोधावा लागतो. नांदेडच्या वरच्या अंगाला तर असा प्रयत्नही झाला नाही, कारण इथली गोदावरी वर्षातले आठ महिने बोटीच्या तळाला पाणी देत नाही.

त्याच नदीवर खाली आंध्रात, पापीकोंडालूच्या दरीत, पर्यटक बोटी नियमित चालतात. १५ सप्टेंबर २०१९ रोजी 'रॉयल वशिष्ठ' ही बोट कच्चुलुरूजवळ उलटली. नदीला पूर होता, सत्तरहून अधिक माणसे बोटीत होती, २६ वाचली. बोट वर काढायला महिन्याहून जास्त काळ लागला. पावसाळ्यात गोदावरीच्या खोऱ्यातल्या नद्या कसल्या जातीच्या होतात हे नांदेड जिल्ह्यातल्या मुखेडकरांना वेगळे सांगायला नको. ऑगस्ट २०२५ मध्ये लेंडी नदीच्या पाण्याने हसनाळ, रावणगाव वेढले गेले तेव्हा लोक घरांच्या छपरांवर होते आणि लष्कर बोलवावे लागले. जिल्ह्याला बोटी लागतातच. पहिली गरज कोणत्या बोटीची, एवढाच प्रश्न.

आता पाण्याचा हिशेब. जायकवाडीचा उपयुक्त साठा २,१७१ दशलक्ष घनमीटर आहे, तर विष्णुपुरीचा ऐंशीच्या आसपास. हे पसरट, उथळ पाणी उन्हाळ्यात झपाट्याने उतरते, आणि ते नांदेड शहर पिते. टंचाईच्या वर्षी काठावरच्या शेतकऱ्यांच्या मोटारींची वीज तोडायची वेळ प्रशासनावर येते. ज्या जलाशयात शेतकऱ्याला मोटार टाकू दिली जात नाही, तिथे पर्यटकांचे संडास तरंगवले तर कुठल्याही पुढाऱ्याला गावाला तोंड दाखवायची सोय उरणार नाही. वेंबनाडचे पाणी कुणी नळाने घरी आणत नाही, तरी तिथे मैलापाण्यावरून एवढी बोंब आहे.

खाली धर्माबाद तालुक्यात बाभळीचा बंधारा आहे. तिथल्या पाण्याला तर न्यायालयाचे वेळापत्रक आहे. आंध्र प्रदेशाने दाखल केलेल्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने फेब्रुवारी २०१३ मध्ये निकाल दिला: १ जुलै ते २८ ऑक्टोबर दरवाजे उघडे ठेवायचे, पोचमपाड धरणाकडे जाणारा प्रवाह अडवायचा नाही, आणि १ मार्चला ०.६ टीएमसी पाणी खाली सोडायचे. बंधाऱ्याची क्षमता २.७४ टीएमसी. पावसाळ्याचे महिने दारे वर, नंतर जे येईल ते अडवायचे. एखाद्या साली नोव्हेंबरनंतर वरून पाणीच आले नाही तर बंधाऱ्यात बघायला दरवाजेच उरतात. कुठल्या केरळी हाऊसबोट मालकाने अशा नदीचे नाव ऐकले तर तो हात जोडून परत जाईल.

लातूरची गोष्ट याहून बोलकी आहे. २०१६ च्या मार्चमध्ये शहरात पाण्याच्या टाक्यांभोवती जमावबंदी लावावी लागली. मांजरा कोरडे होते. ११ एप्रिलला मिरजेहून दहा टाक्यांची रेल्वेगाडी पाच लाख लिटर पाणी घेऊन निघाली आणि दुसऱ्या दिवशी पहाटे लातूरला पोचली. पुढे पन्नास टाक्यांची गाडी २५ लाख लिटर आणू लागली. या टँक वॅगन राजस्थानात कोट्याच्या कार्यशाळेत वाफेने धुऊन घेतल्या होत्या, तेलाचा वास जाईपर्यंत. लातूर स्थानकाजवळ पाणी आधी विहिरीत उतरवायचे, तिथून शुद्धीकरणाला. ऑगस्टमध्ये पाऊस झाला आणि गाडी थांबली. मालवाहू वाहनाला दुसरे आयुष्य देण्याचा प्रयोग मराठवाड्यात झाला तो हा. त्याचे कुणी हॉटेल केले नाही, तहान भागवली. ज्या शहराने पाणी रेल्वेने मागवले त्याच शहराच्या धरणात तरंगते हॉटेल मागणाऱ्यांनी निदान २०१६ ची वर्तमानपत्रे चाळायला हवीत.

आणि ती गाडी आली कोणत्या वाटेने? मिरज, पंढरपूर, कुर्डुवाडी, बार्शी, लातूर. हीच तर बार्शी लाइट रेल्वेची वाट. एव्हरार्ड कॅलथ्रॉप या इंग्रज अभियंत्याने १८९७ मध्ये कुर्डुवाडीपासून बार्शीपर्यंत अडीच फुटी रुळांची छोटी गाडी सुरू केली. ती १९११ मध्ये लातूरला आणि १९२७ मध्ये मिरजेला पोचली. एकूण सुमारे सव्वातीनशे किलोमीटर. कमी खर्चात, हलक्या रुळांवर जास्तीत जास्त माल कसा ओढता येईल याचा तो जगभर वाखाणलेला नमुना होता. लातूरच्या आडतीला, बार्शीच्या मोंढ्याला याच रुळांनी वाढवले: कापूस, भुईमूग, डाळी, आणि आषाढीला पंढरीचे वारकरी, टपावर बसून. १९५४ मध्ये सरकारने ती कंपनी विकत घेतली. २००७-०८ मध्ये लातूर ते कुर्डुवाडी ब्रॉडगेज झाले आणि छोटी गाडी इतिहासजमा झाली. लातुरात आज 'जुनी रेल्वे लाइन' हा पत्ता आहे, रूळ नाहीत.

आपला खरा केट्टुवळ्ळम हा आहे. मालासाठी जन्मलेले, मोटारीने आणि मोठ्या रुळाने बेकार केलेले, आणि ज्याची कारागिरी अजून पुरती मेलेली नाही असे वाहन या भागात एकच, छोटी गाडी. तिची दुरुस्ती करणारी कार्यशाळा कुर्डुवाडीला आहे आणि माथेरानच्या गाडीचे डबे आजही तिथे जातात. इकडे लातुरात रेल्वे कोच कारखाना उभा राहिला आहे. २०१८ मध्ये पायाभरणी झाली, २५ डिसेंबर २०२० ला पहिल्या डब्याचा सांगाडा बाहेर पडला आणि आता वंदे भारतच्या शयनयान गाड्या तिथे बनवायच्या आहेत. म्हणजे चाकावरची झोपायची खोली करण्याचा कारखाना लातूरच्या दाराशी आहे. मध्य रेल्वेने २०२१ मध्ये मुंबईच्या छत्रपती शिवाजी महाराज टर्मिनसला जुन्या डब्याचे उपाहारगृह सुरू केले. मग लातूर, बार्शी, धाराशिवच्या वाटेवर अडीच फुटी डब्यांचा एखादा मुक्काम का नसावा? औसा, परांडा, नळदुर्ग, खरोसा, धाराशिव लेणी, तेर, हे सगळे या पट्ट्यात आहे आणि रात्रीची बरी सोय नाही म्हणून लोक सकाळी येऊन संध्याकाळी सोलापूरला निघून जातात. त्यासाठी धरण भरायची वाट बघावी लागत नाही.

नांदेडचा मामला वेगळा. तिथे नदी आहे आणि शहराला ती दिसायला हवी आहे. नगिना घाटावरून तासाभराची फेरी, पेडलची नाही तर विजेच्या इंजिनाची लहान बोट, मुक्काम नाही, स्वयंपाक नाही, संडास नाही, एवढ्याने सुरुवात होऊ शकते. नदीवर भोई समाज पिढ्यान् पिढ्या मासे धरतो, पुरात बुडालेल्यांना शोधायलाही आधी त्यालाच हाक जाते. ठेका मुंबई-पुण्याच्या कंत्राटदाराला आणि भोयाच्या पोराला त्याच्या बोटीवर रोजंदारी, असा घाट घालायचा असेल तर ते न केलेले बरे. मच्छीमार सहकारी संस्थांना बोटी द्याव्यात, चालकांना प्रशिक्षण द्यावे, आणि त्याच बोटी पूरकाळात आपत्ती व्यवस्थापनाच्या ताब्यात असाव्यात.

कायद्याची अडचण नाही. १९१७ चा जुना कायदा जाऊन अंतर्देशीय जलयान अधिनियम २०२१ आला. प्रत्येक यांत्रिक बोटीची पाहणी, नोंदणी, क्षमता, विमा आणि चालकाचे प्रमाणपत्र त्यात बंधनकारक आहे. अडचण आहे ती माणसांची. नांदेड जिल्ह्यात बोटीचा तोल मोजून देऊ शकेल असा सर्वेक्षक बसवायचा कुठे आणि त्याचा पगार कोणत्या लेखाशीर्षातून द्यायचा, हे आधी ठरले पाहिजे. शहराला लागूनच विष्णुपुरीत गुरू गोविंदसिंगजींच्या नावाचे अभियांत्रिकी महाविद्यालय आहे. बोटींच्या चाचणीसाठी त्याच्याशी करार करायला मंत्रालयात खेटे घालायची गरज नाही. जिल्हा नियोजन समितीच्या पुढच्या बैठकीत हाऊसबोटीचा विषय निघाला, तर सर्वेक्षकाचे पद, नगिना घाटाचा जेटी-आराखडा आणि बाभळीच्या दरवाजांच्या तारखा, हे तीन कागद त्याला जोडलेले असावेत. ते नसतील तर तो विषय पुढच्या बैठकीपर्यंत तहकूब ठेवायला कुणाचीच हरकत असू नये.